एकशे आठांची माती

आज श्रावण लागला. पहाटे स्नान आटोपून देवघरासमोर बसलो, तेव्हा केळीच्या पानावर मातीचा एक गोळा ठेवलेला होता. लिंबाएवढा, ओलसर, आणि ज्या हाताने तो वळला त्या हाताच्या बोटांच्या रेषा अंगावर अजून मिरवणारा. तो हात आमच्या सुनेचा, स्वातीचा. माझ्या पार्थिवपूजेची माती गेली बारा वर्षे तीच मळून ठेवते. मातीचे अंगठ्याएवढे शिवलिंग घडवायचे, त्यात देवाला बोलवायचे, पाणी-अक्षता-बेल वाहून त्याची पूजा करायची, आणि सूर्यास्ताच्या आत त्याला निरोप देऊन ती माती पाण्यात सोडून द्यायची, एवढाच हा विधी. श्रावण आला की बोटे आपोआप त्या गोळ्याकडे वळतात. पण गेली दोन वर्षे माती हातात घेतली की मी क्षणभर थांबतो. मला तो श्रावण आठवतो.

मातीशी माझी पहिली ओळख वाईची. नवव्या वर्षी मला तिथल्या एका पाठशाळेत ठेवले. कृष्णेच्या घाटावरून खाली उतरून, पाणी ओसरलेल्या कडेची मऊ माती आम्ही मुले ओच्यात आणत असू. माती उचलण्याआधी तिला हात जोडायचे, तिची आज्ञा मागायची, हा आमच्या गुरुजींचा दंडक. एकदा माझ्या एका सहाध्याय्याने लिंगाला नखाने अतिशय सुरेख नक्षी काढली. आम्ही सारे पाहत राहिलो. गुरुजींनी ते लिंग तळहातावर घेतले, दोन्ही बाजूंनी न्याहाळले आणि म्हणाले, "बाळ, इतके सुंदर करू नकोस. संध्याकाळी सोडवणार नाही." त्या वेळी ते वाक्य मला शिस्तीचे वाटले होते. पुढे कुंडलला येऊन मी तीस वर्षे संस्कृत शिकवले आणि त्या वाक्याचा अर्थ मुलांना अनेकदा समजावूनही सांगितला. समजावून सांगता येणे आणि समजणे यांत केवढे अंतर असते, हे कळायला मला सत्तरी ओलांडावी लागली.

स्वाती तासगावच्या एका शाळेत गणित शिकवते. सकाळी सातची एस.टी. पकडायची, रस्त्याच्या दोन्ही बाजूंना द्राक्षांचे मांडव मागे टाकत जायचे, संध्याकाळी वह्यांचा गठ्ठा घेऊन परतायचे, असा तिचा नेम. माझ्या पूजेची माती मळता मळताच तिचा जीव मातीत रमला. प्रथम उरलेल्या गोळ्याच्या पणत्या झाल्या, मग मिठाचे सट, आणि एके दिवशी तिने विचारले, "अण्णा, आष्ट्याला एक कुंभारीण आहेत. रविवारी त्यांच्याकडे चाक शिकायला जाऊ?" माझी पत्नी मालती माझ्याकडे पाहू लागली. मी "जा" म्हणालो. पण ते म्हणायला मला जेवढा वेळ लागला, तो स्वातीच्या नजरेतून सुटला नसावा.

त्या कुंभारणीचे नाव सोनाबाई. वय माझ्याएवढेच, अंगाने काटक, जिभेने तिखट. शिकवणीच्या पहिल्या रविवारचे वर्णन स्वातीने हसत हसत सांगितले होते. चाकावरचा गोळा तिसऱ्यांदा कोसळला तेव्हा सोनाबाई म्हणाल्या, "मास्तरीणबाई, पाढं म्हनून चाक फिरत न्हाई हितं. हात वाईच गप ठेवायला शिका."

पुढे एकदा त्या आमच्या घरी आल्या. माझ्या लहानपणी संक्रांतीची सुगडी आणि लग्नातले करे आणणारी कुंभारीण ओट्याखालीच थांबे. तिच्या हातची मडकी देवापर्यंत जात, ती मात्र जात नसे. सोनाबाईही सवयीने पायरीवरच टेकल्या होत्या. स्वातीने त्यांचा हात धरून त्यांना थेट स्वयंपाकघरात नेले, आणि मालतीने पाट दिला. मी काही बोललो नाही. न बोलणे, एवढेच माझे त्या दिवशीचे पुण्य.

पुढच्या वर्षी एका मराठी दूरचित्रवाहिनीने हौशी कुंभारांची स्पर्धा घ्यायचे ठरवले. ज्यांचा तो पोटापाण्याचा व्यवसाय नाही, अशांनाच त्यात प्रवेश होता. हा नियम ऐकून सोनाबाई पदर तोंडाला लावून हसल्या होत्या. "म्हंजी ज्याला येतंय त्यानं यायचं न्हाई, व्हय? बेस हाय की!" बारा जण निवडले गेले आणि स्वाती त्यांतली एक निघाली. दर आठवड्याला एक काम, दर आठवड्याला एकाला निरोप. चित्रीकरण मुंबईला होई आणि पंधरवड्याने ते शनिवारी संध्याकाळी घरोघर दिसे. आमच्या गल्लीतल्या बायका, ज्यांनी आजवर माठाकडे पाणी पिण्यापलीकडे लक्ष दिले नव्हते, त्या काठ जाड झाला की पातळ, यावर वाद घालू लागल्या. शेजारचे निवृत्त सुभेदार तर दर शनिवारी अर्धा तास आधीच येऊन खुर्ची अडवत. "गुरुजी, आपली पोरगी पोझिशन सोडनार न्हाई. बघाच तुमी!"

श्रावण उजाडेपर्यंत बारांतले सहा उरले होते, आणि पुढचे काम होते 'आपल्या गावची माती'. प्रत्येकाने स्वतःच्या गावची दहा किलो माती आणायची आणि तिची पाण्याची घागर घडवायची. हे त्यांना सुरुवातीलाच सांगितलेले असल्याने स्वातीने वैशाखातच तयारी केली होती. गावतळ्यातला गाळ काढणे चालू होते. त्यातला निवडक गाळ तिने आणला, डोंगराकडची थोडी तांबडी माती त्यात मिसळली, पाण्यात कालवून फडक्याने गाळली आणि परसात एका मोठ्या टपात, ओल्या पोत्याखाली, मुरत ठेवली. सोनाबाईंनी येऊन बोटाने चाचपून पाहिली आणि बजावले, "अजून कवळी हाय. श्रावणापतूर पिकंल. तवर हिला हात लावायचा न्हाई कुनी." हा उपदेश झाला तेव्हा मी घरी नव्हतो.

आता माझ्या बाजूची गोष्ट. स्वातीला यश मिळावे म्हणून त्या श्रावणात रोज एकशे आठ पार्थिव लिंगे पूजण्याचा संकल्प मी मनाशी केला होता. कुणाला सांगितला नाही. सांगितलेला संकल्प अर्धा अहंकारात जातो, अशी माझी समजूत. एरवी मी रोज पाचच लिंगे करी आणि तेवढ्याच बेताने स्वाती मुंबईला जाताना बादलीभर माती मळून ठेवून गेली होती. ती दुसऱ्याच दिवशी संपली. नदीकडे जाण्याची सोय नव्हती. कृष्णा काठ सोडून उसात शिरली होती. माती शोधत परसात गेलो आणि ते पोते उचलले.

काय सांगू त्या मातीचे! काळसर तांबूस, थंड, ताज्या लोण्यासारखी मऊ, आणि तरीही बोटाला न चिकटणारी. चिमटीत घ्यावी आणि तिने आपणहून आकार धरावा. मला गहिवरून आले. वाटले, पोरीने ओळखले. न सांगितलेल्या संकल्पाची तयारीही तिने आधीच करून ठेवली! पुढचे आठ दिवस मी त्या मातीत इतका रंगलो की मालती जेवायला दोनदा हाक मारी. एकशे आठ इवली लिंगे पाटावर ओळीने बसत, प्रत्येकावर अक्षतांची चिमूट पडे, बेलाचे पान पडे. नदी अडलेली, म्हणून संध्याकाळी सर्वांना निरोप देऊन मी ती परसातल्या दगडी दोणीत सोडी. पूर्वी तिच्यात बैल पाणी पीत. पूर ओसरला की सारे नदीत नेऊन घालायचे, असे मी योजले होते.

दहाव्या दिवशी स्वाती मुंबईहून आली. हातपाय धुवायला परसात गेली आणि तिथूनच तिचा आवाज आला, "आई, टपावरचं पोतं कुणी काढलं?"

ओसरीवरून मी मोठ्या कौतुकाने म्हटले, "मी काढलं. काय माती केली आहेस, स्वाती! साऱ्या जन्मात अशी माती माझ्या हाताला लागली नव्हती."

ती परसदारात येऊन उभी राहिली. "सगळी घेतलीत?"

"तळाला थोडी असेल. उद्यापुरती."

मालती स्वयंपाकघरातून बाहेर आली आणि कपाळाला हात लावून म्हणाली, "अहो, ती तिच्या स्पर्धेची माती! परवा घेऊन जायची होती तिला. मला वाटलं तुम्ही बादलीतलीच घेताय."

स्वाती तोवर नळाकडे वळली होती. पाठमोरीच म्हणाली, "राहू दे, आई. देवालाच गेली ना." तिने नळ सोडला आणि बराच वेळ हात धूत राहिली.

दुपारी सुभेदार येऊन गेले. "गुरुजी, दुसरी माती भिजवा की! तळ्याला काय तोटा हाय?" तळे काठोकाठ भरले होते, आणि तीन महिने मुरलेली माती दोन दिवसांत कशी मुरायची, हे त्यांना कोण सांगणार! शेवटी स्वातीने सोनाबाईंना दूरध्वनी लावला. आधी भरपूर बोलणी बसली. ती सगळ्या घराला ऐकू आली. मग त्यांनी मलाच दूरध्वनीवर बोलावून घेतले.

"आवं गुरुजी, ती माती हाय कुटं आता?"

"दोणीत आहे. पण ती निर्माल्य झाली, सोनाबाई. देवाला वाहिलेले पुन्हा वापरात घेता येत नाही."

"बरं. रोज सांजच्याला तुमी देवाला वाटंला लावता न्हवं?"

"हो. विसर्जन करतो."

"मग त्यो गेला का अजून दोणीतच बसून हाय?"

आयुष्यभर शब्दांचे अर्थ लावीत आलो, आणि मी रोज उच्चारत असलेल्या एका शब्दावर माझा विश्वास आहे की नाही, हे एका निरक्षर कुंभारणीने मला विचारले होते. 'आता स्वस्थानी जावे' असे मी देवाला म्हणतो; तो जातो असे जर खरोखर मानत असेन, तर दोणीत उरली होती ती माती होती, माझ्या सुनेची. दुसऱ्या दिवशी पहाटे मी धोतर खोचले, दोणीतले वरचे पाणी उपसले आणि तळाचा गाळ जुन्या पंच्यांवर, विटांच्या ओळीवर, पसरून घातला. स्वाती बाहेर आली आणि माझ्या शेजारी बसली.

इथवर सारे ठीक झाले होते. चूक मी त्यानंतर केली.

पाणी निथळून गाळ साईसारखा झाला, तेव्हा स्वाती चाळणी घेऊन आली. "अण्णा, एकदा चाळणीतून घालते. बेलाचे देठ आहेत, अक्षता आहेत." मी तिचा हात अडवला. ज्या मातीने पूजा घेतली ती स्वयंपाकघरातल्या चाळणीत ओतायची, चोथा म्हणून वर राहील तो झटकून टाकायचा, हे मला रुचेना. देव गेला, हे बुद्धीने मानले होते. हाताने मानले नव्हते. म्हणालो, "मी वेचतो. एकेक काढतो." ती घड्याळाकडे पाहत थांबली, मग "बरं" म्हणाली. दिवसभर मी वेचत बसलो. देठ निघाले, फुलांच्या पाकळ्या निघाल्या. अक्षता मात्र पाण्यात फुगून मातीच्याच रंगाच्या झाल्या होत्या, आणि माझ्या चष्म्याचा नंबर बदलून चार वर्षे झाली होती. संध्याकाळी मी मोठ्या समाधानाने सांगितले, "स्वच्छ झाली." तिने बोटांनी चाचपले, काहीतरी बोलायला तोंड उघडले आणि मिटले.

मुंबईहून ती सहा दिवसांनी परतली. काय झाले ते प्रसारणापूर्वी कुणाला सांगायचे नाही, असा करार होता, आणि स्वाती शब्दाची पक्की. "पुढचं चित्रीकरण गणपतीनंतर आहे," एवढेच म्हणाली. सकाळची एस.टी., वह्या, माझे पूजेचे पाणी, सारे पूर्ववत चालू झाले. मला वाटले, लक्षण शुभ आहे. मुलीचा चेहरा शांत आहे म्हणजे घागर पार पडली.

शनिवारी संध्याकाळी आम्ही सारे दूरदर्शन संचासमोर बसलो. स्वाती कडेला भिंतीला टेकून मेथीची जुडी मांडीवर घेऊन बसली होती. पडद्यावरची स्वाती चाकावर होती. गोळा वर चढत गेला, पोट धरले, मान आली. एका क्षणी तिची बोटे थबकली. तिने भिंतीतून काहीतरी नखाने टिपून काढले, पुन्हा चाक फिरवले, पुन्हा काही टिपले. मग थांबली, डोळे मिटले आणि काठ पुरा केला. मला त्यातले काहीच कळले नाही. सुभेदार म्हणाले, "वा! काय उभी केली घागर! सावधान!"

भट्टीतून निघालेली घागर विटकरी रंगाची, डौलदार होती. परीक्षक दोघे, एक वयस्क बाई, एक तरुण. बाईंनी तिच्यात पाणी ओतले. आधी काही झाले नाही. नंतर घागरीच्या पोटावर एक थेंब उगवला, मग दुसरा, मग दहा ठिकाणी एकदम. माठ ओलावतो तसे ते नव्हते. ठिकठिकाणच्या बारीक भोकांतून पाण्याच्या धारा निघाल्या आणि काळ्या फरशीवर वाहत गेल्या. तरुण परीक्षकाने वाकून एका भोकावर बोट ठेवले. भोक तांदळाच्या दाण्याच्या आकाराचे होते. दाणा भट्टीत जळून गेला होता, आणि त्याची जागा राहिली होती.

"मातीत काय होतं?" बाईंनी विचारले.

"तांदूळ," पडद्यावरची स्वाती म्हणाली. "मी माती चाळली नाही."

"इतक्या कसलेल्या हाताने हे कसं विसरलात?"

"विसरले नाही. चाळायची नाही असं ठरलं होतं."

निवेदिका लगबगीने पुढे आली. तिला वास लागला असावा. "स्वातीताई, यामागे काही गोष्ट आहे का? आमच्या प्रेक्षकांना सांगा ना!"

स्वातीने घागरीकडे पाहिले. "गोष्ट नाही," ती म्हणाली. "चूक आहे. माझी."

तिला निरोप मिळाला. उरलेल्या पाच जणांनी तिला मिठी मारली आणि जाहिराती सुरू झाल्या.

सुभेदार उसळून उठले. "अगं पोरी, सांगायचं हुतंस की! देवाची माती हाय म्हनली असतीस तर काय बिशाद हुती त्यांची तुला काढायची? सगळ्या महाराष्ट्रानं रडून तुला ठेवून घेतली असती!"

"म्हणूनच नाही सांगितलं, काका," स्वाती मेथी निवडत म्हणाली. "घागर गळत होती."

सुभेदार गेले. मालती देवापाशी दिवा लावायला उठली. मी बसून राहिलो. प्रत्येक पूजेच्या शेवटी, मंत्रांत काही उणे पडले असेल, कृतीत काही चुकले असेल, तर क्षमा असावी, असे देवाला म्हणायचे असते. साठ वर्षांहून अधिक काळ मी ते रोज म्हणत आलो आहे. ती वाक्ये माझ्या ओठांवर आपणहून येतात, आणि संध्याकाळी सारे पाण्यात विरघळते. चुकलेले आणि साधलेले, दोन्ही. ही घागर विरघळणार नव्हती. तिच्यावर माझ्या चिमटीतून पडलेला एकेक दाणा आपली जागा राखून होता. आणि ज्या व्यक्तीची क्षमा मागायची तिला संस्कृत येत नव्हते.

मी उठून स्वातीसमोर गेलो. घरातल्या वडीलधाऱ्याने सुनेसमोर असे उभे राहण्याची रीत आमच्याकडे नाही. हात कुठे ठेवावेत हेही मला कळेना.

"स्वाती," मी म्हणालो, "चूक माझी होती. मला क्षमा कर."

तिच्या हातातली काडी थांबली. तिने वर पाहिले, आणि मला जाणवले की कित्येक दिवसांत तिने माझ्याकडे असे पाहिलेच नव्हते.

"अण्णा, मी रागावले होते तुमच्यावर."

"कधी?"

"घागर करून मुंबईहून आले तेव्हापासून. तुमचं पाणी वेळेवर ठेवलं, पूजेची भांडी घासली, माती मळून दिली. पण आपणहून एक शब्द तुमच्याशी बोलले नाही. तुमच्या लक्षातच आलं नाही."

खरे होते. रोज मातीच्या गोळ्यांत देवाला बोलावणाऱ्या मला, माझ्या पाटाशेजारी पाणी ठेवणाऱ्या माणसाचा राग दहा दिवसांत एकदाही दिसला नव्हता.

"आणि आता?" मी विचारले.

तिने खरोखर विचार केला. उगाच बरे वाटावे म्हणून उत्तर देण्याचा तिचा स्वभाव नाही.

"थोडा आहे अजून," ती म्हणाली. "गणपतीपर्यंत जाईल."

"बरं," मी म्हणालो. पाट ओढून तिच्यासमोर बसलो आणि मेथीची दुसरी जुडी सोडली. जन्मात कधी भाजी निवडली नव्हती. दहा-बारा काड्या निवडून टोपलीत टाकल्या असतील, तोच तिने त्या बोटाने उचकटून पाहिल्या आणि परत माझ्यापुढे ठेवल्या.

"अण्णा, देठ नको. नुसती पानं घ्या."

मी चष्मा पुसला आणि पहिल्या काडीपासून पुन्हा सुरुवात केली.